लांबचा मध

दानम्माने कोनाड्याची फळी काढली, गोवरीचा धूर आत फुंकला आणि माश्या बाजूला सरण्याची वाट पाहत उभी राहिली. माश्या सरल्या, पण दरवेळसारख्या भराभर नाहीत. पंगतीत दाटीने बसलेली माणसं एकेक करून जागा देतात तशा. तिने पोळ्याच्या कडेचा नखाएवढा तुकडा मोडून घेतला, फळी परत बसवली, फटी शेणाने लिंपल्या आणि चुलीपुढच्या पाटावर बसून तुकडा जिभेवर ठेवला. मग डोळे मिटले.

आधी नुसतं पिवळं दिसलं. इतकं जवळ, की त्याला कड नव्हती. मग माशी मागे सरली असावी, कारण त्या पिवळ्याचं फूल झालं, फुलामागे पान आलं, पानामागे वेल. भोपळ्याचा वेल. वेलाच्या मुळाशी मातीचं आळं होतं आणि आळ्याच्या कडेने फुटक्या कौलांचे तुकडे उभे रोवले होते. त्या आळ्यावर दोन हात आले. एका हातात तांब्या होता. दुसरा हात तांब्याच्या तोंडाखाली आडवा धरलेला; पाणी आधी तळहातावर पडत होतं आणि बोटांतून झिरपून मुळाशी जात होतं. मातीचा कणही हलत नव्हता. मनगटात हिरव्या बांगड्या होत्या.

मध विरघळला तसं सगळं विझलं. दानम्माने डोळे उघडले, पण ती जागची उठली नाही. आपला उजवा हात पुढे धरून त्याच्याकडे पाहत राहिली. वेलाला असं पाणी घालायला तिने जन्मात एकाच माणसाला शिकवलं होतं.

उदगीरच्या पुढे, देगलूरच्या अलीकडे, जिथे बोलता बोलता मराठीत कन्नड मिसळतं, तिथे जेनवाडी. जेनु म्हणजे मध. गावातल्या मातीच्या भिंती हातभर जाड आणि बहुतेक घरांच्या पूर्वेच्या भिंतीत मोहोळासाठी कोनाडा ठेवलेला. बाहेरून बोटभर भोक, आतून फळी. त्या माश्यांचा मध खाऊन डोळे मिटले, की माशीने जे पाहिलं ते दिसायचं. बाहेरगावच्या माणसाला तो नुसता गोड लागे, म्हणून बाहेरचं कुणी विश्वास ठेवत नसे, आणि गावानेही कुणाला पटवून द्यायचा खटाटोप केला नव्हता. चांगल्या वर्षी या गोष्टीचं गावालाही फारसं अप्रूप नसे. मध खाल्ला की शेजारची करडई दिसायची, ओढ्याकाठचा करंज दिसायचा. ते तर दारात उभं राहिलं तरी दिसत होतं. डोळे मिटून बसायची ती फक्त लहान पोरं.

दुष्काळात मात्र माश्या दूर जात. जवळ काही फुललेलं नसलं, की त्या किती दूर जातील याला धरबंध नसे. एका दिवशी निघालेल्या दुसऱ्या दिवशी परतत, पंख झिजवून. त्या मधाला गावात लांबचा मध म्हणत. मागच्या, बहात्तरच्या दुष्काळात दानम्माच्या नवऱ्याच्या, गुरुपादप्पाच्या आईने बीदरच्या बाजूची कुठलीशी डाळिंबाची बाग पाहिली होती, आणि मरेपर्यंत ती त्या बागेतून आल्यासारखी बोलत असे.

आता परत तसं वर्ष आलं होतं. पावसाळा नुसत्या ढगांवर गेला. त्याच पावसाळ्यात लातूर नवा जिल्हा झाला होता आणि पाण्याच्या टँकरवर जुनं नाव खरवडून नव्या जिल्ह्याचं नाव घातलं होतं. त्याचा रंग अजून ताजा दिसत होता. जिल्हा झाला म्हणजे नेमकं काय झालं, यावर पारावर रोज बोलणं चाले. माश्यांकडे कुणाचं लक्ष नव्हतं. प्यायला पाणी नाही तिथे माश्यांना कोण देणार? एकेका घरचं मोहोळ उठून गेलं. दानम्मा मात्र आपल्या वाटणीच्या पाण्यातलं थोडं एका पसरट मातीच्या परळात ओतून, त्यात खडे टाकून, भिंतीच्या भोकाखाली ठेवत असे. तिचं मोहोळ राहिलं.

सिंधु तिची एकुलती एक मुलगी. मागचा दुष्काळ सरल्यावरच्या वर्षी गावात हिवतापाची फवारणी करायला माणसं आली होती. त्यांच्यात भुजंग नावाचा नांदेडकडचा तरुण होता. बाकीचे भिंतींवर सरसकट औषध मारत पुढे जात होते. हा दानम्माच्या भिंतीपुढे थांबला, भोकातून येणाऱ्या-जाणाऱ्या माश्या पाहिल्या आणि पंप खाली ठेवून विचारलं, "ही भिंत सोडू का?" सिंधु दारात उभी होती. ती म्हणाली, "सोडा." पुढे तो औषध न घेताही दोन-चारदा आला. आणि एका सकाळी सिंधु त्याच्याबरोबर निघून गेली.

भुजंगचं घर बौद्ध. गुरुपादप्पा लिंगायतांतला, जमिनीचा, गावच्या बैठकीत ज्याचं बोलणं लोक थांबून ऐकत असा माणूस. त्याने आरडाओरडा केला नाही. एवढंच म्हणाला, "या घरात तिचं नाव निघणार न्हाई." ते निघालं नाही. सुरुवातीला दानम्मा चुलीपुढे एकटी असताना ते मनात म्हणायची. पुढे पुढे तेही कमी झालं. मुलगी नांदेडकडे कुठेतरी आहे, एवढंच कानावर आलं होतं.

आणि आता हे हात.

दानम्मा रोज मध खाऊ शकत नव्हती. पोळ्यात होता तोच थोडा, आणि तो माश्यांच्या पोटाचा होता. ती तीन-चार दिवस कळ काढायची, मग नखाएवढा तुकडा. दरवेळी तेच परस दिसेच असं नाही. एकदा नुसती शेवग्याची पांढरी फुलं दिसली, एकदा कुठल्याशा नळाखालचा चिखल. पण बहुतेक वेळा भोपळ्याचा वेल दिसायचा आणि कधीमधी ते हात. चेहरा कधीच नाही. माश्या फुलाकडे पाहतात, माणसाच्या तोंडाकडे त्यांचं काय काम?

हात जरा वाळले होते, शिरा वर आल्या होत्या. दानम्माने त्याचं कारण शोधून काढलं. दुष्काळात कुणाचे हात वाळत नाहीत?

मग ती हातांच्या आजूबाजूचं पाहायला लागली. एकदा वेल एकाएकी थरथरला. वारा नव्हता, मुळासकट, आळ्यासकट, खालून थरथर आली, आणि काट्यांच्या कुंपणापलीकडून काळ्या चाकांची एक रांग सरकत गेली. पुढच्या खेपेला पिवळ्या फुलावर काहीतरी पांढरं चिकटलेलं होतं. तिला आधी कोळ्याचं जाळं वाटलं. डोळे उघडल्यावर ती दिवसभर त्या पांढऱ्याचा विचार करत राहिली. ज्वारी पाखडताना विचार, भांडी घासताना विचार. कित्येक वर्षांत तिला असं कुठल्या गोष्टीचं कुतूहल वाटलं नव्हतं. तिसऱ्या दिवशी, वातीसाठी कापूस पिंजताना एक तंतू उडून तिच्या पदराला चिकटला आणि ती थांबली.

टँकरच्या रांगेत तिच्यापुढे सरजाबाई होती, शेजारघरची.

"सरजाबाई," दानम्माने विचारलं, "आगगाडी आन् कापूस, दोन्ही कुठं आसतंय?"

"दोन्ही म्हंजे?"

"रुळाच्या कडंला जिनिंग आसलेलं गाव."

"उमरी की. माझा भाऊ हुता तिथं जिनिंगवर. सरकी येगळी करायचं काम. झोपलं तरी गाडीनं खाट हालती म्हणायचा. आन् कापूस तर काय, भाकरीवर बी उडून बसतोय." सरजाबाईने घागर पुढे सरकवली आणि मागे वळून नीट पाहिलं. "का गं? लांबचा मध खाऊन राहिलीस का?"

"थोडा."

"माझं मोहोळ तर गेलं उठून." मग आवाज उतरवून म्हणाली, "काय दिसलं?"

"भोपळा," दानम्मा म्हणाली.

सरजाबाईने पुढे विचारलं नाही. पण पाणी भरून झाल्यावर तिने आपल्या घागरीतलं ओंजळभर पाणी दानम्माच्या घागरीत ओतलं. "माश्यांस्नी," म्हणाली, आणि चालू लागली.

दुसऱ्या दिवशी सकाळी गुरुपादप्पा ओसरीवर दावं वळत बसला होता. बैल छावणीत होते, तिथे दाव्यांची वाण नव्हती. तरी तो रोज वळायचा. दानम्माने कडक भाकरी आणि शेंगाची चटणी फडक्यात बांधली, धुतलेलं लुगडं नेसली आणि त्याच्यापुढे येऊन उभी राहिली.

"उमरीला चालले," ती म्हणाली.

त्याचे हात थांबले नाहीत.

"उमरीला कोण हाय?"

"बघून येते."

अंबाडीचा पीळ त्याच्या मांडीवर पुढे-मागे फिरत राहिला. दानम्मा उभी होती. तो नको म्हणाला असता तर आपण काय केलं असतं, ते तिला माहीत नव्हतं, आणि ते आत्ता कळेल म्हणून ती वाट पाहत होती.

"तिकडून संध्याकाळची गाडी न्हाई," तो म्हणाला. "मुक्काम पडंल."

एवढंच. ती आणखी जरा थांबली, मग परळातलं पाणी पाहिलं, आणि निघाली.

देगलूरला गाडी बदलली, नायगावला परत बदलली. वाटेत एका ठिकाणी रस्त्याच्या कडेला नव्या जिल्ह्याच्या हद्दीची पाटी लावायचं काम चाललं होतं. दोन माणसं ती सरळ धरून उभी होती आणि तिसरा लांबून मान वाकडी करून पाहत होता. गाडीतली सगळी माणसं पाटीकडे पाहायला एका बाजूला झुकली. लेंडी नदीत पाणी नव्हतं. वाळूत झरे उकरून बाया वाटीवाटीने घागरी भरत बसल्या होत्या. दानम्मा खिडकीतून फुलं शोधत होती. माश्यांनी हे सगळं वरून पाहिलं असेल आणि यात उतरण्यासारखं काही नाही म्हणून त्या पुढे गेल्या असतील, असं तिला वाटलं.

उमरीला ती उतरली तेव्हा ऊन डोक्यावर आलं होतं. तिने कुणाला भुजंगचं नाव विचारलं नाही. नाव तोंडातून काढायची सवयच राहिली नव्हती. ती रुळाच्या कडेने चालत राहिली. जिनिंगची भिंत आली. कापसाचा धुरळा हवेत होता, बाभळींवर पांढरी जाळी धरली होती. भिंत संपली तिथे घरं सुरू झाली, पत्र्याची, कुडाची, एखादं विटांचं. सगळ्या घरांपुढे सारखीच वाळलेली माती. आता कुठे पाहायचं, असा विचार करत ती बाभळीच्या सावलीला टेकली, तेव्हा तिच्या कानाजवळून एक माशी गेली. तिने मान वळवली. आणखी एक गेली. त्यांचं उडणं दमलेलं होतं, खाली खाली येणारं, आणि दानम्माने ते ओळखलं. दारावर परतणाऱ्या सुनेची चाल सासू ओळखते तसं. ती त्यांच्या मागे गेली.

शेवग्याचं झाड आधी दिसलं. मग काट्यांचं कुंपण. कुंपणाच्या फटीतून तिने आत पाहिलं तर भोपळ्याचा वेल होता, कौलांच्या तुकड्यांचं आळं होतं, आणि वेलाच्या पानांआडून दोन हात पुढे आलेले होते. एका हातात तांब्या. दुसरा त्याखाली आडवा. भांडी धुतलेलं गढूळ पाणी बोटांतून झिरपून मुळाशी जात होतं. हिरव्या बांगड्या.

"सिंधु," दानम्मा म्हणाली.

हात थांबले. वेलाआडून एक बाई उठून उभी राहिली. केस पिकलेले, चेहरा रापलेला, अंगावर घडी मोडलेलं निळं पातळ, कपाळ मोकळं. दानम्मापेक्षा चार वर्षांनी मोठीच असेल.

दोघी कुंपणाच्या दोन बाजूंना उभ्या राहिल्या. दानम्माची नजर त्या बाईच्या चेहऱ्यावर ठरत नव्हती. ती परत परत हातांकडे जात होती. हे हात तिला बोटाबोटाने माहीत होते. उजव्या अंगठ्याचं नख उभं चिरलेलं होतं, तेही माहीत होतं.

"शरणार्थी," तिने सवयीने लिंगायतांचा नमस्कार केला.

"जयभीम," ती बाई म्हणाली. "कुठून आलाव?"

"जेनवाडीहून."

बाईने तांब्या खाली ठेवला, ओले हात पदराला पुसले आणि शेवग्याकडे, वेलाकडे, मग दानम्माकडे पाहिलं.

"मंग माश्यांच्या मागंच आलाव म्हणा," ती म्हणाली. "या. मी पारूबाई. भुजंगाची आई."

घरात गारवा होता. पारूबाईने सतरंजी घातली, माठातलं पाणी आणलं. तांब्या पुढे केला आणि हात मागे न घेता ती थांबली. ही बाई पाणी घेते की कसं, हे तिला पाहायचं होतं आणि पाहायचं नाही असंही दाखवायचं होतं. दानम्माने तांब्या घेतला आणि सगळं पाणी पिऊन तो रिकामा केला. मग म्हणाली, "आणखी हाय का?"

पारूबाई हसली. "हाय की."

"सिंधु कुठं हाय?"

"बालवाडीत. लेकरं शिकवती. येईलच आता. भुजंग दौऱ्यावर हाय भोकरकडं, दवाखान्याच्या कामाला."

म्हणजे ती होती. चालतीबोलती होती, लेकरं शिकवत होती. दानम्माने पदराने तोंड पुसलं आणि ते पुसणं बराच वेळ चाललं. पारूबाई दुसरीकडे पाहत राहिली.

"वेलाला पाणी तुम्हीच घालता?" दानम्माने मग विचारलं.

"मीच."

"रोज?"

"रोज. सिंधुनंच शिकवलं, हात आडवा धरायचा म्हणून. मी तांब्याच उपडा करायची आधी, मुळं उघडी पडायची." पारूबाई जवळ सरकून बसली. "ईनबाई, एक विचारू का? या माश्या आल्या संक्रांतीच्या पुढं. मी म्हणलं, एवढ्या दुष्काळात या कुठून आल्या? सिंधु बघत राह्यली आन् म्हणली, या आमच्या घरच्या हायत. मला काय पटलं न्हाई. म्हणली, यांनी बघितलेलं माझ्या अव्वाला दिसतंय. खरं का ते?"

"खरं हाय."

"मी दिसले?"

"हात दिसले."

पारूबाईने आपले हात उलटेपालटे करून पाहिले. "एवढंच? मी तर रोज धुतलेलं पातळ नेसून पाणी घालायले. म्हणलं, ईनबाई बघत आसतील, चांगलं दिसावं. ह्या बांगड्या बी त्यासाठीच भरल्या."

दानम्माला हसू आलं. किती दिवसांनी आलं, आणि कुणापुढे. "बांगड्या दिसल्या," ती म्हणाली.

"दिसल्या ना? मंग झालं."

बाहेर पावलं वाजली. आधी एक पोरगी धावत आली, सहा-सात वर्षांची, पाटी छातीशी धरलेली, आणि नव्या माणसाला पाहून उंबऱ्यातच थांबली. तिच्यामागून सिंधु आली. ती अंगाने भरली होती. चालणं बदललं होतं. दानम्मा मधाच्या थेंबाथेंबातून जी सिंधु जमवत होती, वाळलेल्या हातांची, ती ही नव्हती. ही दुसरीच, पुरी बाई होती.

"अव्वा," सिंधु म्हणाली.

"जाड झालीस," दानम्मा म्हणाली.

सिंधु तिच्यापुढे बसली आणि आईच्या गुडघ्यावर हात ठेवला. पारूबाईने पोरीला जवळ ओढून तिच्या पायाकडे बोट केलं, काहीतरी बोलायचं म्हणून. "ही विशाखा. महिन्यापूर्वी पत्र्यानं पाय कापून घेतला हिनं. फडकं बांधून लंगडत फिरायची त्या वेलापाशी. आता बघा, धरून ठिवावं लागतंय." तळपायाच्या कडेला पांढरट वण होता. पोरीने तो दानम्माला अभिमानाने दाखवला आणि मग विचारलं, "तुम्ही माश्यांच्या आजी का?"

"हाव," दानम्मा म्हणाली.

दुपारी जेवणं झाल्यावर सिंधु आणि ती शेवग्याच्या सावलीत बसल्या. माश्या वेलावर होत्या. सिंधु त्यांच्याकडे पाठ करून बसली होती.

"तू कधी दिसली न्हाईस," दानम्मा म्हणाली. "एकदा बी न्हाई. मी या बाईचे हातच तुजे समजत हुते."

"माश्या आल्या की मी आत जाते."

"का?"

सिंधुने मातीतला एक खडा उचलला, परत ठेवला.

"बघायचं आसल तर येऊन बघावं," ती म्हणाली. "भिंतीपाशी बसून न्हाई. आठ-नऊ वर्षं झाली, अव्वा. मला वाटलं, मी दिसले तर तू तेवढ्यावरच भागवशील."

ते खरं होतं. तिने तेवढ्यावर भागवलं असतं. पोळं संपेपर्यंत तिने एक एक तुकडा खाल्ला असता आणि मग पावसाची वाट पाहिली असती.

"आले की," ती शेवटी म्हणाली.

"आलीस." सिंधुने तोंड तिच्याकडे वळवलं. "अप्पा कसे हायत?"

"दावं वळतेत."

"आन् बैल?"

"छावणीत."

सिंधु हसली आणि हसता हसता तिने डोळे पुसले. "मध खातेत का आता?"

"तू गेल्यापासून गोडाला शिवले न्हाईत."

दुसऱ्या दिवशी दुपार कलताना दानम्मा जेनवाडीला उतरली. गुरुपादप्पा ओसरीवरच होता. दावं संपलं होतं, दुसरं सुरू केलेलं नव्हतं. भिंतीच्या भोकाखालचं परळ भरलेलं होतं. तिने पाय धुतले, चूल पेटवली, पीठ मळायला घेतलं. तो आत येऊन भिंतीला टेकून बसला. तो काही विचारणार नाही असं तिने धरलं होतं, पण त्याने विचारलंच.

"गाडी मिळाली नीट?"

"मिळाली. देगलूरला थांबावं लागलं जरा."

"पाण्याचं कसं हाय तिकडं?"

"नळ हाय. एक दिसाआड येतंय."

"रूळ जवळ हाय म्हणं."

"घराला लागूनच. गाडी गेली की भांडी वाजतेत." तिने भाकरी थापायला सुरुवात केली. "घर बरं हाय. सासू मायेची हाय. बालवाडीत शिकवती ती."

ती कोण, ते दोघांनाही माहीत होतं. गुरुपादप्पाने अजून नाव घेतलं नव्हतं, म्हणून तिनेही घेतलं नाही. आणि नातीचं तर ओठावर आलेलं तिने परत गिळलं. ते त्याला कधी सांगावं, कसं सांगावं, यावर ती गाडीत सगळी वाट विचार करत आली होती. एकदम सगळं नको. आधी नळाचं पाणी, मग सासू. बाकीचं पावसाच्या तोंडावर.

तिने भाकरी तव्यावर टाकली, पाणी फिरवलं. तो चुलीतल्या जाळाकडे पाहत होता.

"त्या लहानीचा पाय," तो म्हणाला. "फडकं बांधून लंगडत हुती. बरा झाला का?"

दानम्माचा ओला हात तव्यावर तसाच राहिला. चटका बसला तेव्हा तिने तो मागे घेतला. तिने मान वळवून कोनाड्याच्या फळीकडे पाहिलं, त्याच्याकडे नाही. भाकरी उलटली, तिच्या कडा बोटांनी दाबल्या, आणि आवाज नीट लागेल याची खात्री झाल्यावर बोलली.

"झाला. पळती आता."

"हं."

भाकरी फुगली. तिने ती ताटात घालून त्याच्यापुढे सरकवली, चटणी वाढली. त्याने भाकरी मोडली नाही.

"नाव काय ठिवलंय?"

"विशाखा."

त्याचे ओठ हलले, पण आवाज आला नाही. त्याने परत एकदा तसंच केलं.

"जिभेला जड हाय," तो म्हणाला.

दानम्माने दुसरा गोळा हातात घेतला आणि थापायला लागली. तिची भाकरी परातीत गोल फिरत, रुंदावत गेली. तो ताटावर हात ठेवून बसून होता.

"म्हणता येईल हळूहळू," गुरुपादप्पा म्हणाला, आणि त्याने भाकरीचा तुकडा मोडला.